मे महिन्यात फेब्रुवारीत बसायची खोली

प्रश्न थोडक्यात असा होता. एक तरुण लेखक कोल्हापुरात घडणारी कादंबरी लिहितोय. नायक द्रष्टा वास्तुविशारद आहे आणि त्याच्या इमारतींत वेळ वाकते. कुठल्या खोलीत तास मिनिटासारखा जातो, कुठे काल पुन्हा येऊन उभा राहतो. वाचकाला हे पटावं म्हणून इमारतीत नेमकं काय दाखवायचं, आणि खऱ्या इमारती असलं काही करतात का, असं त्यांनी विचारलंय.

मी कोल्हापुरात तीस वर्षं आर्किटेक्ट म्हणून काम करतोय. त्यातली निम्मी महापालिकेच्या जिन्यावर गेली, त्यामुळे वेळ कशी वाकते ते मला जरा ठाऊक आहे. तुम्ही नायकाला नाव दिलेलं नाही. मी त्याला सोयीसाठी मिस्त्री म्हणतो.

आधी काय काढून टाकायचं ते सांगतो. उलटी फिरणारी घड्याळं, भिंतीतून झिरपणारा निळा उजेड, तळघरातलं यंत्र, हे सगळं काढा. शास्त्राचा आधार म्हणून आइनस्टाइनला आणायचा मोह होईल, तोही आवरा. उंचावरचं घड्याळ खालच्या घड्याळापेक्षा पुढे पळतं हे खरंच आहे. अमेरिकेतल्या प्रयोगशाळेत २०१० साली हा फरक अवघ्या ३३ सेंटिमीटर उंचीवर मोजला गेला. पण त्याच हिशेबाने तीस मीटर उंच इमारतीत वरचा माणूस खालच्यापेक्षा वर्षाला सेकंदाच्या एक कोटीव्या भागाएवढा पुढे जातो. एवढ्यावर कादंबरी उभी राहत नाही. फ्लॅटच्या जाहिरातीत कुणी छापलं तर नवल वाटणार नाही.

मिस्त्रीला यंत्र लागत नाही. त्याला भिंत पुरते.

भिंत म्हणजे उशीर. आमच्या धंद्यात याला सरळ टाइम लॅग म्हणतात. दुपारी दोनला बाहेरून तापलेली नऊ इंची विटेची भिंत ती उष्णता आतल्या अंगाला सहा-सात तासांनी पोचवते. म्हणून पश्चिमेच्या बेडरूममध्ये माणूस रात्री नऊला पंखा पाच नंबरवर ठेवून घामाघूम होतो आणि बाहेर गच्चीवर मस्त वारा सुटलेला असतो. तो झोपलेला असतो रात्रीत, पण त्याच्या भिंती अजून दुपारीच आहेत. जुन्या वाड्याची दोन फुटी दगडमातीची भिंत असली तर हा उशीर आणखी लांबतो आणि आत पोचेपर्यंत उष्णता बरीचशी जिरून गेलेली असते. पेठेतल्या ज्या घरांना आपण ‘थंडगार सोपा’ म्हणतो तिथे थंडावा कुठून येत नसतो. तिथे तुम्ही पहाटेत बसलेले असता, दुपारी बारा वाजता.

जमिनीत उतरलात की तासांचे महिने होतात. दहा-बारा फूट खोल मातीत उन्हाळ्याची लाट पोचायला अडीच-तीन महिने लागतात. म्हणजे मे महिन्यात चांगल्या तळघरात बसलात तर तुमच्या अंगाला लागतोय तो सौम्य झालेला फेब्रुवारी. ही कल्पना मी रचलेली नाही, साधं गणित आहे. मातीतून उष्णता किती हळू सरकते ते माहीत असलं की कागदाच्या कपट्यावर करता येतं. मिस्त्रीची पहिली इमारत हीच ठेवा. बाहेर मे, वळीव अजून नाही, डांबर मऊ झालंय, आणि पाहुण्याला घेऊन मिस्त्री अठरा पायऱ्या उतरतो आणि म्हणतो, बसा, इथे अजून शिवरात्र व्हायची आहे. वाचक बसेल. त्याच्या अंगाला तो अनुभव आधीपासून आहे, फक्त असं कुणी सांगितलेलं नसतं.

मेंदूच्या बाजूनेही दोन गोष्टी तुमच्या कामाला येतील. १९८१ साली अल्टन डिलाँग या संशोधकाचा एक प्रयोग ‘सायन्स’मध्ये छापून आला. लोकांना खोल्यांच्या छोट्या मॉडेलसमोर बसवलं. त्या आकाराचे होऊन आत वावरताय अशी कल्पना करा आणि अर्धा तास झालासं वाटलं की सांगा, असं सांगितलं. एकास बारा मापाच्या मॉडेलसमोर लोकांचा अर्धा तास अडीच-पावणेतीन मिनिटांत संपला. एकास चोवीसच्या समोर दीड मिनिटात. वेळ मापाच्या प्रमाणात आकसली. याची पुढे किती खात्री करून घ्यायची त्यावर वाद घालता येतो, पण माझ्या टेबलावर मी हे रोज बघतो. घरमालक मॉडेलवर वाकतो, दोन मिनिटं डोळा बारीक करतो आणि सरळ होऊन म्हणतो, ‘फिरून आलो सगळं.’ त्याची बायको तेवढ्यात स्वयंपाकघर दोनदा बदलून आलेली असते.

दुसरी गोष्ट मिशेल सिफ्र या फ्रेंच माणसाची. १९६२ मध्ये तो घड्याळ न घेता दोन महिने गुहेत राहिला. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्ट होता. पंचवीस दिवस कुठे गेले ते त्याला कळलंच नाही. म्हणजे वेळ हरवायला फार काही करावं लागत नाही. खिडकी बुजवली की झालं. मॉलवाल्यांना हे आपल्यापेक्षा चांगलं कळतं. पण मिस्त्रीने हे करू नये असं माझं मत आहे. खिडकी बुजवून वेळ हरवणं म्हणजे खिसा कापणं. तुमचा माणूस द्रष्टा असेल तर त्याने खिडकी ठेवून हे जमवलं पाहिजे.

कसं, ते माझ्या आजीच्या घरात बघा. करवीर तालुक्यातलंच गाव, कौलारू घर, माजघरात खिडकी नाही. वर कौलांत एक काचेचं कौल. त्यातून उन्हाचा वीतभर तुकडा खाली पडायचा आणि शेणाने सारवलेल्या जमिनीवरून दिवसभर सरकायचा. कौल जमिनीपासून बारा फुटांवर होतं. सूर्य तासाला पंधरा अंश सरकतो, त्यामुळे दुपारच्या सुमारास तो तुकडा तासाला तीन फूट चालतो, मिनिटाला अर्ध्या इंचाहून जास्त. डोळ्यांना दिसतं. लहानपणी मी त्याच्या कडेला चिंचोका ठेवून तो उन्हात ओढला जाताना बघत बसायचो. आजीचं सगळं त्यावर चालायचं. ऊन जात्याच्या खुंट्याला लागलं की आजोबांची भाकरी बांधायची. थंडीत सूर्य दक्षिणेला उतरला की तुकडा जातं सोडून उत्तरेकडून जायचा, तेव्हा ती म्हणायची, ‘आता जात्याचं न्हाई बघायचं, उखळाचं बघायचं.’ एका कौलात तिला तासही मिळायचा आणि महिनाही.

भिंतीवर घड्याळ होतं, पण आजीचं आणि त्याचं पटायचं नाही. मला वाटायचं आजी चुकते. कॉलेजात गेल्यावर कळलं. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची आणि कोल्हापूर सव्वाचौऱ्याहत्तरच्या जवळ. अंशाला चार मिनिटं. आपलं ऊन घड्याळाच्या सरासरी ३३ मिनिटं मागे असतं, आणि वर्षभरात सूर्य आणखी पाव तास इकडेतिकडे करतो ते वेगळं. ६-७ मेच्या सुमारास कोल्हापुरात सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि खांबाची सावली खांबाच्या पायात जाते. ते बाराला होत नाही, साडेबाराला होतं. प्रमाणवेळ आली १९०६ साली. म्हणजे आपण कोल्हापूरकर गेली शंभरहून जास्त वर्षं अर्धा तास पुढचं आयुष्य जगतोय आणि कुणाचं काही अडलेलं नाही. मिस्त्रीने जुन्या वेळेला चिकटून राहणारी एखादी इमारत बांधली, तर गावात दोन बारा वाजतील. भांडणाला एवढं पुरे.

आता खऱ्या इमारती. तुमच्या मिस्त्रीच्या आधी आठशे-हजार वर्षं कुणीतरी हे काम करून गेलंय, आणि तेही एकाच जिल्ह्यात दोन वेगळ्या तऱ्हांनी.

अंबाबाईच्या मंदिरातला किरणोत्सव सगळ्यांना माहीत आहे, पण त्याची रचना फार थोड्यांनी नीट बघितलीय. परंपरेने ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी. मावळतीची किरणं महाद्वारातून, गरुड मंडपातून थेट गाभाऱ्यात. पहिल्या दिवशी चरणांपर्यंत, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखावर. तारखा अशा दोन जोड्यांत का? २२ डिसेंबरपासून दोन्हींकडे मोजा, ४१-४२ दिवस येतात. सूर्य दक्षिणेला जाताना ज्या जागी मावळतो, परत येताना त्याच जागी मावळतो. आपल्या अक्षांशावर त्या दिवसांत ती जागा पश्चिमेच्या सुमारे अठरा अंश दक्षिणेला असते. आणि तो रोज स्वतःच्या बिंबाच्या साधारण निम्म्याने सरकतो. अरुंद दारांची रांग लांबवर लावली की दोन-चार दिवसांपलीकडे किरण आत मावतच नाही. म्हणजे ती दारांची रांग म्हणजे वर्षाच्या कॅलेंडरमधून सहा चौकोन कापून घेणारी कात्री आहे.

अजून एक बारकावा, तो कथेच्या मुळाशी जाईल. सूर्य खाली उतरतो तसा किरण आत चढत जातो. आधी उंबरा, मग चरण, मग वर. मुखावर येणारा किरण हा अगदी शेवटचा, क्षितिजाला टेकायला आलेल्या सूर्याचा असतो. धूळ, बाष्प, ढग, काहीही आडवं आलं तर आधी मारला जातो तो हाच. आणि पश्चिमेला कुणी मजला चढवला तर क्षितिजच वर सरकतं, सूर्य लवकर मावळतो. कोल्हापुरात दरवर्षी प्राध्यापक आणि विद्यार्थी किरणांची मोजमापं घेतात आणि दरवर्षी मार्गातल्या बांधकामांची चर्चा होते, त्याचं कारण हे. मूर्ती गाभाऱ्यात आहे, पण घड्याळाचा अर्धा भाग महाद्वार रोडवर आहे.

दुसरी तऱ्हा खिद्रापूरची. शिरोळ तालुक्यात कृष्णाकाठी, कोपेश्वर. बाराव्या शतकातलं शिलाहारांचं काम, १२१३ चा यादव सिंघणाचा शिलालेख तिथे आहे. स्वर्गमंडपाला मध्यभागी छतच नाही. सुमारे तेरा फुटांचं गोल उघडं आभाळ, खाली तेवढीच गोल अखंड शिळा, भोवती बारा खांबांचं कडं. कार्तिकातल्या त्रिपुरी पौर्णिमेला मध्यरात्रीच्या सुमारास चंद्र त्या गोलावर येतो. कार्तिकच का? कार्तिकातली पौर्णिमा कृत्तिकांच्या आसपास होते, आणि तिथला चंद्र आपल्या अक्षांशावर जवळजवळ डोक्यावरून जातो. आषाढातली पौर्णिमा घ्या, चंद्र दक्षिणेला पार कललेला असतो. चंद्राची वाट पाचेक अंश वरखाली होते आणि ते चक्र साडेअठरा वर्षांचं आहे, पण गोल मोठा ठेवल्यामुळे ते खपून जातं. अंबाबाईच्या मंदिरातलं दार अरुंद, कारण सूर्य शिस्तीचा. इथलं भोक मोठं, कारण चंद्र लहरी. ज्याने हे ठरवलं त्याचं नाव आपल्याला माहीत नाही, पण मी त्याच्या हाताखाली नोकरी केली असती.

लक्षात घ्या, किरणोत्सव तारखेने आणि खिद्रापूर तिथीने. हा फरक मी एकदा विसरलो. त्याकडे येतोच, आधी मिस्त्रीच्या स्वभावाबद्दल दोन शब्द.

द्रष्टा म्हटलं की लोक लांब केसांचा, कमी बोलणारा, सदैव बरोबर असणारा माणूस उभा करतात. तसं करू नका. कोल्हापूरला खराखुरा द्रष्टा वास्तुविशारद लाभलेला आहे, मेजर चार्ल्स मँट. आपला टाऊन हॉल त्याचा, नवा राजवाडा त्याचा, बडोद्याचा लक्ष्मीविलास पॅलेसही त्याने सुरू केलेला. युरोपची चौकट आणि इथले कमान-घुमट एकत्र बसवणारा माणूस. त्याच्याबद्दल असं सांगितलं जातं, की शेवटी शेवटी आपलं गणित चुकलंय आणि आपल्या इमारती कोसळणार, या धास्तीने त्याला ग्रासलं. १८८१ मध्ये तो गेला. नवा राजवाडा पुरा झाला १८८४ मध्ये, आणि आजही घड्याळाच्या मनोऱ्यासकट ठणठणीत उभा आहे. ज्याला सगळं पडताना दिसत होतं त्याचं काही पडलं नाही. तुमच्या मिस्त्रीला यातली थोडी धास्ती द्या. हिशेब चुकला असेल का, हा किडा ज्याच्या डोक्यात नाही तो आर्किटेक्ट नव्हे, सेल्समन.

माझा हिशेब कसा चुकला ते सांगतो.

एका गृहस्थांचं घर करत होतो. २००९ च्या ४ नोव्हेंबरला त्यांची आई गेली होती. घर होईपर्यंत त्यांच्या मनात एकच होतं, की त्या दिवशी मावळतीचं ऊन आईच्या फोटोवर पडावं. मला स्फुरण चढलं. पश्चिमेच्या भिंतीत नऊ फुटांवर तीन इंची उभी फट, समोरच्या भिंतीवर फोटो. कोन काढले, गवंड्याच्या मागे ओळंबा घेऊन मी स्वतः उभा राहिलो. लिंटेलवर फट सोडायची म्हणून सेंटरिंगवाला माझ्याकडे वेड्याकडे बघावं तसा बघत होता. पहिल्या वर्षी ४ नोव्हेंबरला, पाच पस्तीसला, किरण फोटोच्या चौकटीत आला. मी पेढे खाऊन घरी गेलो.

पुढच्या आठवड्यात फोन. ‘साहेब, किरण चार तारखेला आला. पण श्राद्ध तिथीला असतंय.’ आई गेली ती तिथी कार्तिक वद्यातली. तिथी चंद्राची, ती दर वर्षी अकरा दिवस मागे जाते आणि अधिक मास आला की उडी मारून पुढे येते. माझी फट सूर्याची, ती हलत नाही. दोन्ही पुन्हा जुळतात एकोणीस वर्षांनी, म्हणजे २०२८ साली. हे मी त्यांना सांगितलं तेव्हा ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग फेब्रुवारीत पुन्हा फोन. ‘साहेब, आज ७ तारखेला पण आलाय. आज काय असतंय?’ काही नसतंय. सूर्य परतीच्या वाटेवर होता. किरणोत्सवाच्या दोन जोड्या तोंडपाठ असलेला मी, स्वतःच्या फटीला दुसरी तारीख असणार हे विसरलो होतो. वहिनींनी मात्र तो दिवस ठेवून घेतला. सात फेब्रुवारीला त्या घरात आता पुरणपोळी होते, विनाकारण.

काही वर्षांनी मधल्या बोळापलीकडच्या प्लॉटवर बांधकाम सुरू झालं. सगळं नियमात, मार्जिन सोडून, परवानगी घेऊन. दुसरा स्लॅब पडला त्या वर्षी ४ नोव्हेंबरला फट काळी राहिली. गृहस्थ माझ्याकडे आले. कायदा काय म्हणतो ते मी काढलं. १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याप्रमाणे खिडकीतून वीस वर्षं अखंड उजेड घेतलात तर त्यावर हक्क सांगता येतो. आमची वीस भरली नव्हती. भरली असती तरी खोलीत पुरेसा उजेड आहे की नाही एवढंच कुणी विचारलं असतं. वर्षातून दोनदा येणारी पाच मिनिटं कुठल्याही उताऱ्यावर चढत नाहीत. तुमच्या कादंबरीतला संघर्ष शोधत असाल तर तो इथे आहे. मिस्त्रीची वेळ वाकवणारी प्रत्येक इमारत शेजाऱ्याच्या रिकाम्या जागेवर चालते. त्या जागेचा मालक दुष्ट नको. त्याला मुलाच्या लग्नाआधी वर दोन खोल्या हव्या आहेत, एवढंच असू द्या.

मी त्या गृहस्थांची माफी मागितली. फट बुजवून घेऊ का, विचारलं. ते नको म्हणाले, धूळ येईल तेवढी येईल.

शेजारचं घर पुरं झालं, पूर्वेकडे काचेच्या सरकत्या खिडक्या बसल्या. त्या नोव्हेंबरात मला सकाळी सव्वासातला फोन आला. मी घाबरत उचलला. त्यांचा आवाज बारीक झाला होता. ‘साहेब, आई आता सकाळी येतीया.’

मी गेलो तोवर किरण निघून गेला होता. घरी येऊन कागद घेतला. त्यांच्या दक्षिणेला रस्ता आहे, त्यावरून सकाळचं तिरपं ऊन शेजाऱ्याच्या पहिल्या मजल्याच्या काचेवर जातं. काच जर बरोबर उत्तर-दक्षिण रेषेत असेल तर तिथून परतलेला किरण मावळतीच्या किरणाच्या वाटेनेच फटीत शिरतो. त्याच तारखेला, त्याच उंचीवरून. पाच पस्तीसचं सात वाजायला दोन मिनिटं कमी झालं होतं. मी आयुष्यभर प्रयत्न केला असता तरी ती काच इतकी सरळ बसवू शकलो नसतो, आणि ज्याने बसवली त्याला यातलं काही माहीत नाही. त्याला फक्त सांगितलं होतं, की खिडकी सरकताना अडायला नको.